पिंपळापुऱ्यांची भाऊबीज

भाऊबीजेला पिंपळापुऱ्यांना ओवाळायचं, हे माझ्या सुनेनं मला न विचारताच ठरवून टाकलं. मला कळलं ते चकल्या तळताना.

"आई, तुम्हाला भाऊ नाही. दरवर्षी गच्चीत जाऊन चंद्राला ओवाळता, मला बघवत नाही," पल्लवी म्हणाली. "यंदा पिंपळापुरे अंकलना ओवाळा. मी फोन केलाय. हो म्हणाले ते."

झारा हातात तसाच राहिला. कढईतल्या चकल्या काळ्या पडल्या.

चंद्राला ओवाळताना मला कधीच वाईट वाटलं नव्हतं. लग्न होऊन भोपाळला आले तेव्हा पिपलानीला आमच्या कारखान्याच्या क्वार्टरच्या रांगेत निम्मी घरं मराठी. कुणाचा भाऊ साताऱ्याला, कुणाचा नगरला, माझ्यासारखीला मुळातच नाही. संध्याकाळी आम्ही सगळ्या तबकं घेऊन मैदानात चंद्राची वाट बघत उभ्या राहायचो. शेजारच्या मिश्राइन दारातून ओरडायच्या, "अरे, चाँद के लिए भी थोड़ी बासुंदी रखना!" आमचे हे, चिन्मयचे बाबा, म्हणायचे, "मेहुणा असावा तर असा. रुसत नाही की मानपान मागत नाही." त्यांना जाऊनही आता बरीच वर्षं झाली. क्वार्टर सुटलं, मी मुलाकडे बाग सेवनियाला आले.

सदाशिव पिंपळापुरे आमच्या मागच्याच कॉलनीत राहतात. भोपाळ राजधानी झालं तेव्हा त्यांचे वडील नागपूरहून ऑफिसबरोबर इकडे आले. हेही सरकारी नोकरीतून निवृत्त झाले, बायको फार लवकर गेली. कॉलनीजवळच्या बागेत आमची ओळख झाली ती पोह्यांवरून. सकाळी फेऱ्या झाल्या की बाहेरच्या गाडीवरचे पोहे आम्ही बाकावर बसून खायचो. बडीशेप घातलेले, वर शेव, शेजारी जिलबी. ते पहिल्या घासालाच तोंड वाकडं करत.

"तर्री नाही तर हे काय पोहे झाले बाई? कोरडा पंचनामा आहे नुसता!"

"मग खाता कशाला?"

"तुम्ही खाता म्हणून."

मी इतकी हसले की पलीकडच्या बाकावरच्या बायका वळून बघायला लागल्या. तिथूनच सगळं बिघडलं. त्या बायकांचं बोलणं फिरत फिरत पल्लवीच्या कानावर गेलं. पोर वाईट नाही. तिनं तिच्या परीनं उपाय काढला.

"एकदा ओवाळलंत की लोकांची तोंडं बंद," ती मला म्हणाली. "मग ते रोज घरी आले तरी कोण काय बोलणार?"

तिला काय सांगणार? एकदा पाटावर बसवून, कुंकू लावून ओवाळलं की तो माणूस जन्माचा भाऊ. त्यातून परत फिरायला वाट नाही. आणि मला तर सकाळी डोळे उघडल्यावर पहिल्यांदा त्यांचीच आठवण येत होती. गुडघे कुरकुरतात, साखर वाढलेली, नात क्षितिजा कॉलेजात, आणि माझं हे असं. नाही म्हणावं तर का ते सांगावं लागणार. हो म्हणावं तर सगळंच संपलं.

मी ताप आल्याचं सांगितलं. पल्लवीनं कडू काढा पाजला आणि थर्मामीटर लावून तो उतरल्याचंही जाहीर केलं. शेवटी पाडव्याला दार लावून मी पिंपळापुऱ्यांना फोन केला.

"उद्या येणार म्हणे तुम्ही."

"हो. सूनबाईंनी बोलावलंय."

"कशासाठी ते ठाऊक आहे ना?"

"ठाऊक आहे. साडी घेऊन ठेवली मी. चंदेरी."

मी फोन ठेवला, बाथरूमचा नळ सोडला आणि पोटभर रडले. त्यांच्या मनात काही नव्हतंच. बाकावर जे काय होतं ते एकटीचं माझंच होतं.

दुसऱ्या दिवशी संध्याकाळी ते आले. इस्त्रीचा कुडता, डोक्यावर कुणाची तरी मागून आणलेली काळी टोपी. ती सारखी भुवयांवर उतरत होती. पल्लवीनं रांगोळी काढून पाट मांडला होता. ते भिंतीला धरून कसेबसे खाली बसले. साडीचं खोकं मांडीवर घट्ट धरलेलं. क्षितिजानं मोबाइल वर धरला.

"आजी, थोडा स्माइल तो करो! कुणाच्या तेराव्याला आलीयेस का?"

मी बोटाला कुंकू घेतलं. हात पुढे नेला. पिंपळापुऱ्यांनी डोळे मिटून घेतले, सुई टोचून घेताना मिटतात तसे. मी हात मागे घेतला. कुंकू पाटावर सांडलं.

"आई, लावा ना," पल्लवी म्हणाली.

"नाही."

"म्हणजे?"

"मी यांना ओवाळणार नाही. मला हे भाऊ म्हणून नको आहेत."

क्षितिजाचा मोबाइल हळूच खाली आला. चिन्मय सोफ्यावरून उठून उभा राहिला. पिंपळापुऱ्यांनी डोळे उघडले, टोपी मागे सारली.

"मलाही नाही व्हायचं," ते म्हणाले.

"मग हो कशाला म्हणालात?" मी जवळजवळ किंचाळलेच. "साडी कशाला आणलीत?"

"सूनबाई म्हणाल्या, लोक बोलतात, असं येणं-जाणं बरं नाही. मी म्हटलं, भाऊ झालो तर निदान दारात तर उभं राहता येईल. दुसरा काही रस्ता दिसला नाही जी मला."

पल्लवीच्या डोळ्यांत पाणी आलं. "आता लोकांना मी काय सांगू?"

"जे आहे ते सांग," मी म्हटलं. माझा आवाज मलाच ओळखू आला नाही.

तबकातलं निरांजन जळत होतं. पिंपळापुऱ्यांनी उठायचा प्रयत्न केला, गुडघा वळला नाही, ते परत पाटावर बसले. पुन्हा प्रयत्न केला. मग त्यांनी चिन्मयकडे हात पुढे केला.

"हात दे रे जरा. जातो मी."

चिन्मय जागचा हलला नाही. तो माझ्याकडे बघत होता. लहानपणी ताप आला की बघायचा तसा, काय होणार आहे ते माझ्या तोंडावरून ओळखायला. मी नजर वळवली नाही. वळवली असती तर ते दारातून गेले असते, आणि मी उरलेलं आयुष्य याच खोलीत दिवाळ्या मोजत काढलं असतं.

मग तो पुढे आला. त्यानं त्यांच्या काखेत हात घालून त्यांना सावकाश उभं केलं. टोपी खाली पडली, ती उचलून क्षितिजानं स्वतःच्या डोक्यावर घातली. पल्लवीनं नाक पुसलं.

"पानं घेऊ का?" तिनं नवऱ्याला विचारलं.

"घे," चिन्मय म्हणाला. "काकांना खुर्ची दे. त्यांना खाली बसवत नाही."

तो हसला नव्हता. पुढचे कित्येक दिवस माझ्याशी धड बोललाही नाही. पण त्यांना मामा म्हणाला नाही. त्या संध्याकाळी मला तेवढंही पुष्कळ होतं.