बशीवरचा अभिमन्यू

मी एक जुनी चिनी मातीची बशी आहे. जन्म मात्र जपानचा.

मित्रांनो, साडेतीनशे वर्षांपूर्वी डच व्यापाऱ्यांनी जपानी कारागिरांना सांगितलं, बशांवर आमची माणसं काढा. माझ्या चिताऱ्याने डच माणूस फक्त लांबून, बंदरावर पाहिला होता. त्याने निळ्या रंगात टोपी काढली, टोपीखाली लांब नाक काढलं आणि उरलेल्या जागेत माणूस बसवला. शेजारी कुत्रा. कुत्रा चांगला जमला. माणूस पाहून डच म्हणाले, हा आमच्यातला नाही. जपानी म्हणाले, आमच्यातला तर नाहीच.

मग जहाज, हैदराबाद, धारूरचे एक जहागीरदार. त्यांची भांडी घासणाऱ्या बाईला मी मिळाले आणि वडवणीजवळ तिच्या सुनेच्या, दगडाबाईच्या, दह्याच्या गाडग्यावर झाकण झाले.

दगडाबाईचा थोरला मुलगा अभिमन्यू ऊसतोडीला गेला, तो उसाची ट्रॉली अंगावर उलटून गेला. त्याचे सगळे फोटो त्याच्याच मोबाइलमध्ये होते. मोबाइल ट्रॉलीखाली. तेराव्यानंतर दगडाबाईने दह्यासाठी मला उचललं आणि तशीच बसली.

"नाक बघ," ती धाकट्या प्रवीणला म्हणाली. "आपला अभ्या हाय."

"आये, ह्यो कुणी साहेब हाय."

"मग साहेब झाला असंल."

इतक्या वर्षांत त्या माणसाला पहिल्यांदाच कोणीतरी ओळखलं होतं.

मी देवघरात गेले. रोज पहिला घास मला. कुत्र्याला चतकोर भाकरी वेगळी. ऊसतोडीला निघताना ती मला लुगड्यात गुंडाळून न्यायची. तिथल्या पाचटाच्या कोपीत, म्हणजे उसाच्या पाल्याच्या झोपडीत, एकदा माझ्या कडेचा टवका उडाला, त्या दिवशी ती जेवली नाही.

मग प्रवीणने कुणाला तरी माझा फोटो पाठवला आणि शहरातल्या संग्रहालयाचे साहेब आले. म्हणाले, इथे ही फुटेल. दगडाबाई टवक्यावरून बोट फिरवत राहिली.

"तिथं ऊन लागतं का?"

"एसी आहे, आजी."

"मग न्या. त्याला ऊन लई लागायचं. नाव अभिमन्यू हाय, लिवून घ्या."

साहेबांनी मान डोलावली.

आता मी काचेत आहे. गारवा भरपूर आहे. घास बंद आहे, कुत्र्याचाही. खाली पाटी आहे: 'डच व्यापारी. नाव अज्ञात.'

परवा दगडाबाई आली होती. तिला वाचता येत नाही. पाटीवर बोट ठेवून तिने प्रवीणला विचारलं, "लिवलंय ना?"

प्रवीणने पाटी वाचली.

"लिवलंय, आये."

मित्रांनो, तुमची सहल इकडे येईलच. काचेला हात लावलात तरी चालेल, मी काही म्हणणार नाही. फक्त शेजारी एखादी म्हातारी उभी असेल, तर पाटी मोठ्याने वाचू नका.