हर्मिनियाआत्या पडद्यासमोर

इवांद्रा माझी आतेबहीण. पुस्तकं लिहिते, फिल्म करते, सगळं पोर्तुगीजमध्ये. आमच्या मिंदेलो शहरात घरोघरी क्रिओल ही इथली बोली बोलतात, तिच्या घरात मात्र पोर्तुगीजच चालायचं. तिची आई, हर्मिनियाआत्या, शाळेत शिकवायची. पोर्तुगिजांच्या राज्यात वर्गात कुणाच्या तोंडून क्रिओल निघालं की आत्याची छडी हातावर बसायची.

इवांद्राची नवी फिल्म यावरच होती. आत्या कॅमेऱ्यासमोर ताठ बसून बोलते आणि मागून इवांद्राचा आवाज येतो, “माझ्या आईने माझी भाषा माझ्या तोंडातून काढून घेतली.” हे वाक्य आत्याला आधी ऐकवायचं धाडस काही तिचं झालं नव्हतं.

चौकात पडदा लागला. वस्तीतले लोक घरून खुर्च्या घेऊन आले. आत्या पुढेच बसली. इवांद्रा माझ्याजवळ, फिल्म दाखवायच्या यंत्रापाशी.

“आई उठून गेली तर?”

“मी समजूत काढून आणतो.”

“तू? तुझं शुद्धलेखन ती अजून तपासते.”

ते वाक्य यायच्या जरा आधी स्पीकर बंद पडला. मी वायरी हलवून पाहिल्या, काही होईना. पडद्यावर आत्याचे ओठ नुसते हलत होते. लोकांचा आरडाओरडा सुरू झाला. आर्मिंदू सुतार, आत्याचा जुना विद्यार्थी, ओरडला, “बाई, तिथे काय बोलताय ते इथे सांगा की!”

आत्या उठली. मी फिल्म थांबवली. पडद्यासमोर उभी राहून चक्क क्रिओलमध्ये बोलू लागली. चारचौघांत तिला क्रिओल बोलताना मी कधी ऐकलं नव्हतं.

“तिथे म्हणतेय, तुमच्या भल्यासाठी मारलं. खोटं आहे ते. तपासणीला साहेब यायचा, त्याला घाबरायचे मी. घरी दार लावून इवांद्राला याच भाषेत अंगाई म्हणायचे. राज्य गेलं, पण ती भीती काही गेली नाही.”

“आणि माझा हात सुजायचा त्याचं काय?”

“तुला निम्मी छडी आळशीपणाची होती, आर्मिंदू!”

सगळा चौक हसला. हसू ओसरल्यावर आत्या हळूच म्हणाली, “उरलेल्या निम्मीचं माझं चुकलं रे.”

आर्मिंदूने मान डोलावली आणि तिची खुर्ची नीट करून दिली.

तेवढ्यात स्पीकर सुरू झाला. मी इवांद्राकडे पाहिलं. “ते वाक्य गाळून पुढे नेऊ?”

“नको. येऊ दे.”

वाक्य आलं. आत्या शेवटपर्यंत जागची हलली नाही.

घरी आत्या काचुपा, आमचा मक्याचा रस्सा, वाढत असताना इवांद्राने विचारलं, “आई, ते वाक्य काढू का?”

“कशाला? खरं आहे, आणि व्याकरणही बरोबर आहे. पण पुढची फिल्म क्रिओलमध्ये कर बाई. शेजारच्या म्हातारीला प्रत्येक वाक्य मलाच समजावून सांगावं लागलं.”

इवांद्राला हसू फुटलं, मग डोळे भरून आले, मग पुन्हा हसू. या फिल्मच्या धास्तीने कित्येक दिवस तिला घास उतरला नव्हता, आता तिने ताटली पुढे केली. “आई, अजून वाढ.” मागितलं तेही क्रिओलमध्ये. आत्याने चूक काढली नाही, भरभरून वाढलं.