सावलपूरचा उपासवार

मी एक जुनं कॅलेंडर आहे. मित्रांनो, माझ्या एका बाजूला खताच्या दुकानाची जाहिरात आणि तुमचेच महिने आहेत. दुसऱ्या बाजूला मात्र कुठल्याच पंचांगात न सापडणारं वर्ष आहे. ते सावलपूरचं. सावलपूर हा देश ज्ञानेश्वरी नावाच्या मुलीच्या मनातला.

ज्ञानेश्वरी पाथर्डीकडच्या ऊसतोड कामगारांची लेक. आई चांगुणा आणि वडील बिभीषण कोयते घेऊन फडात गेले, की राहुरीजवळच्या एका शेताकडेला, उसाच्या वाळल्या पाल्याच्या, पाचटाच्या कोपीत म्हणजे झोपडीत, ती धाकट्या निकिताला सांभाळत बसे. त्या हंगामात पाटाच्या चिखलात बिबट्याची पावलं उमटली. पाचट नुसतं सळसळलं, तरी निकिता ताटावरून उठून बहिणीच्या कुशीत शिरे. तिला चार घास जावेत म्हणून ज्ञानेश्वरीनं मला उलटं केलं आणि चुलीतल्या कोळशानं माझ्या पाठीवर नवं वर्ष मांडलं.

पहिला महिना दवाचा, पुढचा धुराचा. मग मुका महिना, त्यात पाखरंसुद्धा हळू बोलतात. शेवटी घरमहिना, तेव्हा सगळे आपापल्या गावी परततात. वारही निराळेच: चूलवार, शेळीवार आणि उपासवार. उपासवारी रानातल्या सगळ्या जनावरांचा उपास, बिबट्या मुंगीलाही तोंड लावत नाही, असं तिनं निकिताला सांगितलं. निकिता त्या दिवशी पोटभर जेवली. शेजारच्या कोपीतल्या रंगुबाई मला बघायला आल्या. सावलपुरात ऊस असतो का, असं त्यांनी विचारलं. असतो, पण आपला आपणच तुटतो, असं ज्ञानेश्वरी म्हणाली, तेव्हा त्या खूप हसल्या. मी अभिमानानं फुगून गेलो.

एके दिवशी ऊन कलताना ज्ञानेश्वरी पाण्याला गेली होती. निकिता झोपेतून उठली, माझ्यापाशी आली आणि तिनं एका चौकटीवर बोट ठेवलं. तो उपासवार होता.

“आज त्याचा उपास हाय,” ती स्वतःशीच म्हणाली आणि आईकडे जायला एकटीच उसातल्या वाटेनं निघाली.

मला ओरडायचं होतं. पण कागदाला कुठलं तोंड? मी नुसता कोपीच्या बांबूवर फडफडत राहिलो.

ज्ञानेश्वरी परतली. रिकामी गोधडी आणि उपासवाराच्या चौकटीवर फिसकटलेला कोळसा बघून तिच्या डोक्यावरचा हंडाच खाली पडला. तिनं मला ओढून काढलं आणि मुठीत धरून धाव घेतली. दोन्ही बाजूंना डोक्यावर गेलेला ऊस होता. आत काहीतरी सरकल्यासारखं वाटे आणि तिची मूठ माझ्यावर आणखी आवळे.

वळणावर निकिता उभी होती. समोर उसाच्या तोंडाशी बिबट्या दबून बसला होता. त्याचं शेपूट तेवढं हलत होतं.

“तुजा उपास हाय ना आज?” निकिता त्याला विचारत होती.

पळालं तर तो झेपावेल, हे तिनं मोठ्यांकडून ऐकलं होतं. ज्ञानेश्वरी एकेक पाऊल टाकत पुढे गेली, निकिताला पाठीशी घेतलं आणि आपण मोठं दिसावं म्हणून मला दोन्ही हातांनी डोक्यावर ताणून धरलं. मग तिनं आईला अशी हाक मारली, की फडातला कोयत्यांचा आवाज थांबला. माणसं आरडाओरडा करत धावली. बिबट्यानं एकदा मान वळवली आणि तो उसात शिरला.

चांगुणा कितीतरी वेळ दोघींना पोटाशी धरून बसली. काय झालं ते ज्ञानेश्वरीनं रडत रडत सांगितलं. आईनं तिच्यावर हात उगारला नाही.

“तिचं भ्याव कमी कराया गेलीस, ते चांगलं केलंस,” ती म्हणाली. “पर समदंच पुसून टाकलंस, पोरी. थोडं ठिवायचं असतं.”

पुढे वनखात्यानं तिथं पिंजरा लावला. ज्ञानेश्वरीनं ओल्या फडक्यानं माझ्यावरचा उपासवार पुसला आणि त्या जागी सोबतवार लिहिला. त्या दिवशी कुणी एकट्यानं जायचं नाही. तो कधी येतो, असं निकितानं विचारलं.

“रोज,” ज्ञानेश्वरी म्हणाली.

मित्रांनो, आता मी पत्र्याच्या पेटीत गुंडाळलेला पडून आहे. मला जपा, असं माझं मागणं नाही. पण धाकट्यांना धीर द्यायला तुम्ही जे सांगता, त्यावर ती पोरं भरवसा ठेवून घराबाहेर पडतात. म्हणून धीर देऊन झाला, की त्यांचा हातही धरा.