चाळीस किलोंची तूट

लग्नाला पाहुणे न्यायला बस हवी म्हणून मामा सहा ठिकाणी फिरला, आणि सातव्या ठिकाणी, म्हणजे स्वतःच्याच कारखान्यात, त्याला बस फुकट मिळाली. अट एकच होती. पाहुण्यांनी पोती व्हायचं.

मामा बसगाड्या बांधणाऱ्या कारखान्यात पोत्यांच्या खात्यात होता. नवी बस तयार झाली की विकण्याआधी ती भरून लांब पळवून आणायची, ब्रेक तपासायचे, चढ चढवायचे. पण त्यासाठी रोज पन्नास माणसं कुठून आणणार? म्हणून दर आसनावर पासष्ट किलो वाळूचं पोतं बसवत. ती पोती भरणं, तोलणं आणि शिवणं ही मामाची बावीस वर्षांची नोकरी. भाचीचं लग्न ठरलं मुलाच्या गावी, एकशे चाळीस किलोमीटरवर. बहीण विधवा, हात आखडलेला. बसवाल्यांचे दर ऐकून मामाचे डोळे पांढरे झाले होते. मग एक दिवस पोतं शिवता शिवता त्याच्या डोक्यात आलं, की ह्या जागी आपली मावशी बसली तर बसला काय कळणार आहे?

चाचणीखात्याच्या साहेबांना कामगार मागून दशांश म्हणत. त्यांनी बराच विचार केला. "हरकत नाही," ते म्हणाले. "पण वजन जुळलं पाहिजे. दोन आसनांच्या बाकावर एकशेतीस."

भाचीला ह्यातलं काही नको होतं. तिचं मागणं एकच होतं. "मामा, बाकी कुणी नाही आलं तरी चालेल, पण आत्याला आण. बाबांच्या बाजूचं तेवढंच माणूस उरलंय. ती नसली तर मी कुणाकडे बघून उभी राहू?"

आत्या भाऊ गेल्यापासून, म्हणजे दोन वर्षं, घराबाहेर पडली नव्हती. मामाने तिच्याकडे चार खेपा घातल्या. चौथ्या खेपेला ती दाराच्या फटीतून म्हणाली, "येते. पण मला कुणी न्याहाळत बसायचं नाही."

लग्नाच्या दिवशी सकाळी सहाला कारखान्याच्या आवारात पाहुण्यांची रांग लागली. ठेवणीतले कपडे घातलेली माणसं एकेक करून काट्यावर चढत होती आणि दशांशसाहेब आकडा मोठ्याने वाचत होते, कारण कागदावर लिहिणारा लांब बसला होता. काकांचे एकशे चार भरले. त्यांना सव्वीस किलोची शाळकरी पुतणी जोडून दिली. तीस वर्षांचा संसार केलेलं एक जोडपं दोन्हीकडून ऐंशी भरल्यामुळे वेगळं झालं, आणि दोघांच्याही चेहऱ्यावर सुटी लागल्याचा आनंद दिसला. भिंतीच्या वादावरून नऊ वर्षं एकमेकांचं तोंड न पाहिलेले दोन चुलतभाऊ अठ्ठावन्न आणि बहात्तर निघाले. साहेबांना ती जोडी इतकी आवडली की त्यांनी तिला पुढचाच बाक दिला.

सगळ्यात शेवटी आत्या आली. पायघोळ जाड कोट, वर शाल, फक्त नाक बाहेर.

"मी काट्यावर चढणार नाही," ती म्हणाली.

"न तोललेलं लोड गाडीत चढत नाही," साहेब म्हणाले.

आत्याने पाठ फिरवली आणि ती फाटकाकडे चालू लागली. मामाच्या डोळ्यांसमोर भाचीचा चेहरा आला आणि तो एकदम बोलून गेला, "साहेब, ह्यांचं वजन मी कालच घरी जाऊन घेतलं. ऐंशी."

हा आकडा त्याने आठवणीतून काढला होता. आत्या एके काळी अशी भारदस्त बाई होती, की ती बसली की आधी खुर्ची बोलायची आणि मग ती. पोत्यांच्या माणसाचा शब्द म्हणून साहेबांनी ऐंशी लिहून घेतले. आत्याने मामाकडे एकदा पाहिलं आणि ती पन्नास किलोच्या शिंप्याशेजारी जाऊन बसली.

प्रवास सुरू झाला. दर वीस किलोमीटरला साहेब शिट्टी वाजवत, ड्रायव्हर करकचून ब्रेक दाबी आणि सगळी सोयरीक एका दिशेला झुके. "लोडने जागा बदलू नये," साहेब बजावत. "लोडने खिडकीत वाकू नये." वाटेत कुणाला उतरावं लागलंच, तर परत आल्यावर अर्धा लिटर पाणी साहेबांच्या देखत प्यावं लागे. त्यामुळे तो माणूस थोड्या वेळाने पुन्हा उतरायचं म्हणे. काकांची अशी तीन आवर्तनं झाली.

निम्म्या वाटेवर ट्रकांचा वजनकाटा होता. नियमाप्रमाणे बस त्यावर चढवली. काटेवाल्याने आकडा सांगितला आणि साहेबांचा चेहरा उतरला. चाळीस किलो कमी.

"चाळीस किलो कुठे गेले?" त्यांनी बसमध्ये येऊन विचारलं. कुणालाच माहीत नव्हतं. साहेबांनी माणसं मोजली, भरली. बाकांखाली वाकून पाहिलं. काकांना त्यांनी जरा बाजूला घेऊन विचारलं, तेव्हा काका म्हणाले, एवढं कमी झालं असतं तर मीच पेढे वाटले असते. काटेवाला अनुभवी होता. "रस्त्यात कुणीतरी विकलं असेल," तो म्हणाला. "वाळूच्या गाड्यांत होतं असं."

दहा वाजून गेले होते. लग्न साडेअकराला, सत्तर किलोमीटर बाकी. "तूट सापडेपर्यंत गाडी हलणार नाही," साहेब म्हणाले. "सगळ्यांना उतरवा. पुन्हा तोलू." काटेवाल्याच्या खोलीत धान्याची पोती तोलायचा लहान काटा होता.

लोक कुरकुरत उठू लागले. आत्या उठली नाही. तिने दोन्ही हात कोटाच्या बाह्यांत ओढून घेतले, पण एक मनगट जरा उघडं राहिलं, आणि मामाला ते दिसलं. बांगडी कोपरापर्यंत सरकेल असं मनगट. ऐंशीतून चाळीस गेले. मामाला वजाबाकी करायला वेळ लागला नाही. दोन वर्षं ह्या बाईच्या घरी एकटीचं ताट वाढलं जात होतं, की तेही नव्हतं, हे कुणी आत जाऊन पाहिलं नव्हतं. त्यानेही नाही. चारही वेळा तो फटीतून बोलून परत आला होता.

"साहेब," मामा म्हणाला, "ते चाळीस किलो माझे आहेत."

"म्हणजे?"

"सकाळी काट्यावर चढताना मी कमरेला साखळी गुंडाळली होती. लोखंडी. जड दिसावं म्हणून. मग काढून ठेवली."

बस हसून आडवी झाली. साहेबांनी कागद पाहिला. मामा सकाळी सत्तर भरला होता, म्हणजे आता तीस. त्यांनी मामाच्या पोटाकडे पाहिलं, पुन्हा कागदाकडे पाहिलं. आकडा जुळला की साहेबांचा माणसावरही विश्वास बसायचा. "शोभतं का हे, बावीस वर्षांच्या नोकरीत?" ते म्हणाले. मग काटा तपासायची वीस-वीस किलोंची दोन लोखंडी वजनं परतीच्या बोलीवर मागून आणली आणि मामाच्या मांडीवर ठेवली. खाली ठेवायची सोय नव्हती. लोड आसनावर लागतं.

पुढचे सत्तर किलोमीटर मामाने चाळीस किलो लोखंड कवटाळून काढले. ब्रेक लागला की ते पोटात रुते. पाहुणे त्याला साखळीवरून वाटभर छळत होते आणि आत्या सरळ समोर पाहत होती.

अकरा वाजून वीस मिनिटांनी बस हॉलपाशी लागली. आदल्या दिवशीच पोचलेली भाची दारातच होती. तिने धावत येऊन आत्याला मिठी मारली, आणि कोट तिच्या हातांत इतका आत दबला की ती क्षणभर थबकली. आत्याला तिने समोरच्या खुर्चीवर बसवलं आणि लग्न लागेपर्यंत तिच्याकडेच पाहत राहिली.

जेवणाच्या वेळी दशांशसाहेब पंगतीतून फिरत होते. परतीला पुन्हा काटा होता. "लोडने चारशे ग्रॅमच्या वर जेवू नये," ते ज्याला त्याला सांगत होते. भाची आणि जावई वाढायला निघाले होते. मामा बधिर मांड्या चोळत आत्याच्या शेजारी बसला होता. आत्याने अजून ताटाला हात लावला नव्हता.

साहेब जवळ आले तशी आत्याने शाल काढली, कोट काढला आणि दोन्ही खुर्चीच्या पाठीवर टाकले.

"साहेब, ते चाळीस किलो माझे आहेत," ती म्हणाली. "लिहून घ्या. हा उगाच ओझं वाहतोय."

साहेबांनी खिशातून कागद काढला. आत्याकडे पाहिलं, आणि मग कागदाकडे न बघताच तो घडी घालून परत ठेवला.

"मग तुम्हाला मर्यादा नाही, बाई," ते म्हणाले.

मामा वाढायला उठू पाहत होता, पण पाय उचलेनात. भाचीच पुढे झाली. तिने वाढलं. आत्याने पहिला घास घेतला, सावकाश चावला, आणि ताट पुढे करून म्हणाली, "अजून वाढ."