पानं मोजणारी जामीनदार

बाइंडरकाकू सकाळी खळ शिजवायची, दुपारी पुस्तकांना शिवण घालायची आणि संध्याकाळी ती दाबाखाली ठेवायची. नवऱ्यामागे गल्लीतली ती एक खोली आणि तो लोखंडी दाब, एवढंच तिचं होतं. वकिलांची जाडजूड कायद्याची पुस्तकं वर्षानुवर्षं तिच्या हातून गेली. नवऱ्याने शिकवलं होतं, "बाइंडरने वाचत बसायचं नाही, पानांचे आकडे पाहायचे. वाचायला लागलं की काम पडून राहतं." म्हणून ती कधी वाचत नसे.

थोरले दीर कागद घेऊन आले, तेव्हाही तिने तेच केलं. त्यांच्या मुलाने दारूच्या नशेत गाडी एका पहारेकऱ्याच्या अंगावर घातली होती. तो माणूस कायमचा पांगळा झाला होता. मुलाला सोडवायला जामीनदार हवा होता. दिरांची स्वतःची दोन घरं होती, पण या घराण्याची रीतच होती, जोखमीच्या कागदावर सही विधवेची.

"तुझ्यामागे कोण आहे विचारणारं?" दीर म्हणाले. "आमचं घर अडकलं तर पोरीचं लग्न कसं व्हायचं?"

"खरंय, दादा."

पोराला तिनेच अंगाखांद्यावर खेळवलं होतं. तिने खळीचे हात पुसले, चारही पानं क्रमाने लागलीत ना ते पाहिलं आणि सही केली. पत्ता दिरांनी आपल्या घराचा घातला. कागदपत्रातलं तिला काय कळतंय, असं त्यांचं म्हणणं.

तारखेच्या आठ दिवस आधी पुतण्या आला आणि पाया पडला. जन्मात कधी न वाकलेला पोरगा वाकला, म्हणजे कुठेतरी पाणी मुरत होतं. दाराशी मोठी बॅग होती.

"कुठे निघालास रे?"

"जरा बाहेरगावी, काकू. तारखेला येतो की."

काकू तशीच दिरांकडे गेली. "दादा, पोराचं लक्षण काही ठीक दिसत नाही. मी कोर्टात सांगून येऊ का?"

"काय सांगणार? सही केलीस ना? आता जामीनदाराला तोंड नसतं."

हे धडधडीत खोटं होतं. जामीनदार कोर्टात जाऊन म्हणू शकतो, मला यातून मोकळं करा. मग कोर्ट आरोपीला हजर करवतं आणि त्याला दुसरा जामीनदार आणायला लावतं. दिरांना हे वकिलाने सांगितलं होतं. काकूने मात्र थोरल्यांचा शब्द खरा मानला आणि ती परत शिवणाला बसली.

तारखेला पुतण्या आला नाही. काही महिन्यांनी जप्ती आली. चौघांनी दाब उचलून नेला आणि खोलीला सील लागलं. अर्धवट शिवलेली पुस्तकं आणि खळीचं भांडं रस्त्यावर आलं.

एका वकिलाचा कारकून बांधायला दिलेली पुस्तकं शोधत तिथे पोहोचला. "काकू, नोटिशीला उत्तर का नाही दिलंत? पोरगा कुठे आहे ते सांगून दंड कमी करून मागता आला असता."

"कसली नोटीस?"

त्याने ढिगातलं एक पुस्तक उचलून उघडलं. "हे बघा, जामीनदाराचं कलम. मोकळं कसं व्हायचं तेही यातच आहे. शिवण तुमचीच आहे."

भर रस्त्यात उभं राहून काकूने आपण बांधलेलं पान पहिल्यांदा वाचलं. शब्द फारसे अवघड नव्हते.

"दादा, माझी नोटीस?" तिने दिरांच्या दारात विचारलं.

त्यांनी आढेवेढेही घेतले नाहीत. कपाटातून पाकीट काढून तिच्यापुढे टाकलं. "दिली असती तर पोराचा माग काढून, तो मामाकडे आहे हे तू कोर्टात सांगून आली असतीस. पोरगा गमावू की तुझी खोली? तूच सांग."

"आणि मी राहू कुठे?"

"जिन्याखाली जागा आहे की," जाऊ आतून म्हणाली. "घरकामाला बाई हवीच होती आम्हाला."

केसाने गळा कापावा आणि वर त्याला आपलेपणा म्हणावं, हे घरातल्याच माणसांना जमतं. मला त्या दिरांचा राग येतोच, पण अशी बाई ज्यांच्या घरात आहे आणि जे गप्प आहेत, त्यांचा जास्त येतो.

काकू जिन्याखाली गेली नाही. ती कोर्टात गेली आणि मामाचा पत्ता लिहून दिला. पुतण्या सापडला, पण तोवर लिलाव होऊन गेला होता. आता ती कोर्टाच्या व्हरांड्यात फायली शिवते. जामिनाचा कागद घेऊन कुणाची आई, कुणाची वहिनी आली, की तिला हाताला धरून बसवते. बहुतेक जणी मागे उभ्या असलेल्या पुरुषाकडे पाहतात, हात सोडवून घेतात आणि सही करतात. परवा एक बसली.

"मला नाही जमायचं, काकू," ती म्हणाली. "चार पानं आहेत."

काकूने सुई खाली ठेवली. "पानं मी मोजते. तू वाच."