त्या दिवशी कुणी ओरडलं नाही

हिरोशिमात सिनेमावाले आले, त्या उन्हाळ्यात किनुए ओबाताने खानावळीतून चार दिवसांची सुटी घेतली आणि गर्दीच्या प्रसंगासाठी नाव दिलं. बॉम्ब पडल्याला आठ वर्षं झाली होती. अजूनही पूल ओलांडताना ती डोळे मिटून भावजयीचा हात धरायची.

"खपली कशाला काढताय, वन्सं?" भावजय तोशिए म्हणाली.

"खपली धरलीच कधी?"

नदीकाठी दोनशे माणसं उभी केली होती. अंगावर फाटके कपडे, चेहऱ्यांना काजळी. किनुएच्या मानेवरचा वण खराच होता. रंगभूषावाल्याने त्याला हात लावला नाही. तोक्योहून आलेले दिग्दर्शक ताचिकावा कर्ण्यातून ओरडले, "नदीकडे पळा! किंचाळा!"

लोक किंचाळत पळाले. किनुए जागची हलली नाही.

"थांबवा! त्या बाईंना काय झालं?"

"त्या दिवशी कुणी ओरडलं नाही," ती म्हणाली.

"अहो बाई, सिनेमा आहे हा. बघणाऱ्याला दुःख कळायला नको?"

"मग ओरडणारे तोक्योहूनच आणायचे. आम्हाला कशाला बोलावलंत, शोभेला?"

सहायक तिला बाजूला घ्यायला आला. "हात लावू नकोस!" म्हणत तिने कॅमेऱ्यासमोरच बसकण मारली. एक म्हातारा पोस्टमन येऊन तिच्याशेजारी बसला. मग आणखी दहा-बारा जण.

ताचिकावा कर्णा ठेवून जवळ आले. "मग काय झालं होतं? तुम्हीच सांगा."

"माणसं मुकाट चालत होती. एक पोरगी माझ्या पायाशी पडली. 'माफ करा काकू, थोडं पाणी मिळेल का?' म्हणाली. परक्या घरी मागावं, तसं. मी दिलं नाही. भाजलेल्या माणसाला पाणी दिलं की तो दगावतो, असं शिपाई सांगत होते. ती तशीही गेलीच. तिच्या तोंडी किंकाळी घालायची नाही, साहेब. मी घालू देणार नाही."

ताचिकावांनी सहायकाला खूण करून सगळ्यांना परत जागेवर उभं करायला सांगितलं. मग ते तिला म्हणाले, "आवाज न करता घेऊ. तुम्ही पुढे चाला."

किनुए पुढे चालली, उघड्या डोळ्यांनी, पार पाण्यापर्यंत. प्रसंग संपल्यावर ट्रकमागे जाऊन ती भडाभडा ओकली.

"उद्या नाही आलात तरी चालेल, बाई," सहायक चाचरत म्हणाला.

तिने बाहीने तोंड पुसलं. "किती वाजता यायचं ते सांग. आणि कुणी ओरडलं, तर मी पुन्हा बसेन."