कुलपाचं गाणं

हसा, खुशाल हसा. कॅसेट म्हटलं की हल्ली पोरं हसतात. पण मी, दाराच्या कडीला दोऱ्याने बांधलेली जुनी कॅसेट, बोलतेय. आणि कुणाच्या बापाला भिऊन नाही.

हा शिवणकारखाना. साठ मशिनी, भिंतीवर एक भोंगा. मुकादमाने मला घरी भरलं होतं. सगळी उडत्या चालीची प्रेमगीतं, कारण गाणं पळालं की बायकांचे पायही पळतात, हे त्या बेट्याला बरोबर ठाऊक. मला वाटायचं, मी त्यांची करमणूक करतेय. कसली करमणूक! मी चाबूक होते. त्याची मला अजून लाज वाटते.

दाराला बाहेरून कुलूप. एकदा इस्त्रीच्या टेबलाजवळ कापडाने पेट घेतला. आग विझली, पण दार उघडेपर्यंत सगळ्यांचे प्राण कंठाशी आले. दुसऱ्या दिवशी पुन्हा कुलूप. मुकादम म्हणाला, चोऱ्या होतात.

काजं करणाऱ्या मावशीने त्या संध्याकाळी मला डब्याच्या पिशवीतून घरी नेलं. भावजयीने टेपरेकॉर्डरचं बटण दाबलं आणि मावशीने माझ्यातल्या दुसऱ्या गाण्यावर स्वतःचे शब्द भरले. चाल तीच, पण निम्म्या वेगाने: "आधी कुलूप काढा, मग गाणी लावा."

"वन्सं, नोकरी जाईल," भावजय म्हणाली.

"जाऊ दे. पोरी तरी जगतील."

मग तिने कात्रीच्या टोकाने माझ्या काठावरची खिटी मोडली. ती मोडली की कॅसेटवर दुसरं काही भरता येत नाही.

सकाळी मावशीने मला गुपचूप जागेवर ठेवलं आणि मुकादमाने मला लावलं. पहिलं गाणं नेहमीचं. दुसरं सुरू झालं तसे पाय मंदावले, मग थांबले. त्याने मला बंद केलं, तर बायकाच गायला लागल्या. मावशीचं गाणं पुसायला त्याने यंत्राचं भरायचं बटण दाबलं. ते काही खाली जाईना. सगळा कारखाना हसला. मालकाने मावशीला त्याच दिवशी काढलं. बाकीच्या बायका नऊ दिवस मशिनीला पाय न लावता गात बसल्या. गल्लीतल्या दुसऱ्या कारखान्यांतही ते गाणं पोचलं, आणि दहाव्या दिवशी कुलूप निघालं. मावशीला मात्र परत घेतलं नाही. तेव्हा बायकांनी मला इथे, कुलपाच्या जागी बांधलं.

आता माझी फीत कुरकुरीत झालीय. मला वाजवायला यंत्रही उरलेलं नाही. परवा नवा मुकादम हातात नवं कुलूप घेऊन आला आणि माझा दोरा सोडायला लागला. मावशीला कधी न पाहिलेली एक पोरगी खाली मान घालून ते गाणं म्हणायला लागली, निम्म्या वेगाने. मागोमाग मशिनी थांबत गेल्या. त्याने कुलूप खिशात टाकलं.

ये बाबा, पुन्हा ये. माझी खिटी मोडलीय. माझ्यावर आता दुसरं काही भरता येत नाही.